रेस वाढते, पण गाडी पुढे जात नाही

 

आजवर आपण या कार्यक्रमात बचत, अंतर्गत कर्ज, शेळ्यांचं लसीकरण, परसबाग अशा विषयांवर बोललो. आजचा विषय जरा वेगळा आहे. आज बोलायचं आहे आपल्या दारात उभ्या असलेल्या स्कुटीबद्दल. त्यातही तिच्या एकाच भागाबद्दल, जो बाहेरून दिसत नाही, पण बिघडला की गाडी जागच्या जागी थांबते. तो म्हणजे तिचा पट्टा. गॅरेजमध्ये त्याला बेल्ट म्हणतात.

तुम्ही म्हणाल, हे काम फिटरचं, आपल्याला काय करायचं? पण बघा, ग्रामसंघाच्या बैठकीला आता निम्म्या जणी स्कुटीवर येतात. बँक सखी रोजचे पैसे घेऊन तालुक्याला जाते. पशुसखी वस्तीवस्तीवर फिरते. आशाताईला रात्री-अपरात्री निघावं लागतं. कुणी दूध डेअरीला घालते, कुणी लेकीला कॉलेजला सोडते. यातल्या बऱ्याच गाड्या गटाच्या कर्जातून किंवा हप्त्यावर घेतलेल्या आहेत. गाडी चार दिवस बंद राहिली तरी हप्ता थांबत नाही.

आणखी एक गोष्ट आहे, ती आपण उघड बोलत नाही. गाडी रस्त्यात बंद पडली, बाईमाणूस अंधारात अडकलं, की घरातून पहिलं वाक्य येतं, "तरी म्हटलं होतं, बायकांना गाडी कशाला?" मग चावी पुन्हा खुंटीला लागते. पट्टा काहीशे रुपयांचा असतो, पण त्याच्यापायी बाईचं जाणं-येणं बंद होतं. म्हणून हा विषय आपलाच आहे.

बिनगिअरची गाडी चालते कशी?

मोटारसायकलला गिअर असतात. चढ आला की खालचा गिअर, सपाट रस्ता आला की वरचा. स्कुटीला आपण फक्त रेस पिळतो आणि ब्रेक दाबतो. म्हणजे तिच्यात गिअरचं काम होत नाही असं नाही. ते काम गाडी आपल्या आपण करते. या रचनेला इंग्रजी अक्षरांवरून सीव्हीटी म्हणतात. सोप्या भाषेत, टप्प्याटप्प्याने न बदलता सलग बदलत जाणारा गिअर.

आपल्या गावातली पिठाची गिरणी डोळ्यांसमोर आणा. मोटरला एक पुली, जात्याला दुसरी पुली आणि दोन्हींवर फिरणारा पट्टा. मोटरची पुली लहान आणि जात्याची मोठी असेल, तर जातं सावकाश पण जोरात फिरतं. उलट केलं तर जातं वेगाने फिरेल, पण जोर कमी पडेल. स्कुटीतही अशाच दोन पुल्या आहेत. पुढची इंजिनाला जोडलेली, मागची चाकाकडची. फरक एवढाच की या पुल्यांचा आकार चालता चालता बदलतो.

तो कसा बदलतो? प्रत्येक पुली म्हणजे समोरासमोर ठेवलेल्या दोन उतरत्या बशा समजा. बशा एकमेकींपासून लांब गेल्या की पट्टा मध्ये खाली बसतो, म्हणजे पुली लहान झाली. बशा जवळ आल्या की पट्टा दाबाने वर सरकतो, म्हणजे पुली मोठी झाली. पुढच्या पुलीत लहान लहान रोळ्या असतात, त्यांना रोलर म्हणतात. इंजिन जोरात फिरायला लागलं की हे रोलर बाहेरच्या बाजूला फेकले जातात. पाण्याची बादली गरगर फिरवली की पाणी बाहेरच्या बाजूला दाबून राहतं, तसंच. रोलर बाहेर गेले की बशी ढकलली जाते, पुढची पुली मोठी होते. पट्ट्याची लांबी तर तेवढीच, म्हणून मागच्या पुलीच्या बशा स्प्रिंग दाबून फाकतात आणि ती लहान होते. गाडी वेग घेते. चढ लागला, वेग उतरला, की सगळं उलट होतं आणि गाडीला जोर मिळतो.

मागच्या पुलीपाशी क्लच असतो. गाडी नुसती चालू असताना तो चाकाला धरत नाही. रेस वाढली की त्याचे शू बाहेर फाकतात, भोवतीच्या वाटीला आतून चिकटतात आणि चाक फिरायला लागतं.

ही युक्ती जुनी आहे. १९५८ मध्ये नेदरलँड्स देशातल्या डाफ कंपनीने रबरी पट्ट्यांवर चालणारी लहान मोटार बाजारात आणली. हुब फान डोर्ने यांनी ती रचना केली होती. आपल्या देशात ही सोय घराघरात ओळखीची झाली ती कायनेटिक होंडामुळे. पुण्याच्या कायनेटिक कंपनीने जपानच्या होंडाबरोबर १९८४ मध्ये भागीदारी केली आणि बटणावर चालू होणारी, बिनगिअरची स्कूटर आणली. किक मारायला नको, क्लच दाबायला नको. पुढे अनेक कंपन्यांच्या अशा गाड्या आल्या आणि साडी नेसून, नऊवारी सावरून बायका गाड्या चालवायला लागल्या.

मग हा पट्टा बिघडतो का?

एक गोष्ट लक्षात ठेवा. पट्टा पुलीला धरतो तो आपल्या दोन्ही कडांनी. त्यामुळे पट्ट्याची रुंदी हाच त्याचा जीव. कडा एखादा मिलिमीटर झिजल्या तरी पट्टा पुलीत खाली बसतो, पकड सैल होते आणि तो घसरतो. घसरला की तापतो. तापला की रबर कडक होतं, भेगा पडतात, आतले दोरे सुटतात. एक दिवस तो तुटतो. म्हणजे पट्टा तुटण्याच्या मुळाशी बहुतेक वेळा तीन गोष्टी असतात: झीज, घसरण आणि उष्णता. या तीन गोष्टी वाढवणाऱ्या आपल्या सवयी कोणत्या, ते बघू.

पहिली, जास्तीचं वजन. पुढे पायापाशी सरकी पेंडेचं पोतं, मागे दोन माणसं आणि मध्ये पोर. गिरणीत एकदम जास्त दाणे ओतले की पट्टा कसा घसरतो आणि करपट वास येतो, तसंच इथे होतं. स्कुटी दोन माणसं आणि थोडं सामान यासाठी बनवलेली आहे. किती वजन चालेल ते गाडीच्या पुस्तिकेत लिहिलेलं असतं. पोतं न्यायचं असेल तर त्या फेरीला मागे माणूस नको.

दुसरी, चढावर रेसवर गाडी धरून ठेवणं. बाजारच्या चढावर गर्दी असते. पुढचा थांबला की आपण ब्रेक न लावता थोडी थोडी रेस देऊन गाडी जागेवर तोलून धरतो. त्या वेळी क्लच अर्धवट चिकटलेला असतो आणि नुसता घासत, तापत राहतो. ब्रेक आणि रेस एकाच वेळी धरली तरी हेच होतं. थांबायचं तर रेस पूर्ण सोडा आणि ब्रेक धरा. निघायचं तर ब्रेक सोडून हळूहळू रेस द्या.

तिसरी, धूळ. आपले रस्ते तुम्हाला ठाऊकच आहेत. पट्ट्याच्या पेटीत हवा खेळावी म्हणून वाट ठेवलेली असते. काही गाड्यांत तिथे स्पंजची जाळी असते. ती धुळीने बुजली की आतली गरम हवा बाहेर निघत नाही. धूळ आत गेली की ती पॉलिश पेपरसारखी पट्ट्याला आणि रोलरला घासते.

चौथी, पाणी. पावसाळ्यात ओढ्यावरून पाणी जात असताना गाडी घातली की पट्ट्याच्या पेटीत पाणी आणि गाळ शिरतो. ओला पट्टा घसरतो. गाळ वाळला की पुढे महिनाभर घासत राहतो. वाहत्या पाण्यात गाडी घालूच नये, ते तर जिवाचं काम आहे. पण साचलेल्या खोल पाण्यातून जावं लागलंच, तर नंतर पेटी उघडून साफ करून घ्या.

पाचवी, तेल गळती. पट्ट्याच्या आजूबाजूला इंजिन आणि मागची गिअरपेटी आहे. तिथली रबरी सीलं खराब झाली की तेल पट्ट्यावर येतं. तेलकट पट्टा पकड धरत नाही आणि रबरही खराब होतं. अशा वेळी नुसता पट्टा बदलून उपयोग नाही. सील बदललं नाही तर नवा पट्टाही तसाच जाईल.

सहावी, झिजलेले रोलर. रोलर गोल असायला हवेत. ते एका बाजूने चपटे झाले की सरळ सरकत नाहीत, अडकतात. मग गाडी पुरेसा वेग घेत नाही किंवा चढावर दमते.

आणि सातवी, मुदत संपणं. पट्टा रबराचा आहे. तुम्ही कितीही जपून चालवा, तो कधीतरी बदलावाच लागतो. पुष्कळ गाड्यांमध्ये वीस ते पंचवीस हजार किलोमीटरच्या आसपास पट्टा बदलायला सांगितलेला असतो. तुमच्या गाडीचा नेमका आकडा पुस्तिकेत बघा. पट्टा दिसत नाही, म्हणून तो आठवतही नाही. टायर झिजलं ते कळतं, पट्टा झिजला ते कळत नाही.

गाडी आधी सांगते, आपण ऐकायचं

पट्टा अचानक तुटला असं आपण म्हणतो. पण बहुतेक वेळा गाडीने आधी खुणा दिलेल्या असतात.

रेस पिळली की इंजिनाचा आवाज वाढतो, पण गाडी त्या मानाने पळत नाही, म्हणजे पट्टा किंवा क्लच घसरतो आहे. निघताना गाडी थरथरते, धक्के देते, तर क्लचचे शू किंवा वाटी तपासायला हवी. डाव्या बाजूने खडखड किंवा फटफट आवाज येतो, तर रोलर झिजले असतील किंवा पट्ट्याचे धागे सुटले असतील. बहुतेक स्कुट्यांचा पट्टा डाव्या बाजूच्या लांब झाकणाखाली असतो. नेहमी सहज चढणारी गाडी त्याच चढावर दमायला लागली, पेट्रोल जास्त प्यायला लागली, थांबल्यावर जळक्या रबराचा वास आला किंवा डाव्या बाजूला खाली तेलाचे थेंब दिसले, तर पुढच्या बाजाराची वाट न बघता गाडी दाखवून घ्या.

रस्त्यातच पट्टा तुटला तर? इंजिन चालू राहतं, पण गाडी पुढे सरकत नाही. अशा वेळी रेस पिळत बसू नका. तुटलेले तुकडे आत गुंडाळले जातात आणि पुलीचं नुकसान होतं. ब्रेक शाबूत असतात, घाबरू नका. गाडी बंद करा, कडेला घ्या. सहसा ती ढकलता येते. मागचं चाकच अडकलं असेल तर जोर लावू नका, फिटरला बोलवा. दुसऱ्या गाडीवरच्याने पाय लावून आपली गाडी ढकलत नेणं धोक्याचं आहे, ते टाळा. आणि डाव्या बाजूचं झाकण गाडी चालू असताना कधीही उघडू नका. स्टँडवर लावून रेस देतानाही पदर, ओढणी आणि लेकरांचे हात मागच्या चाकापासून लांब ठेवा.

गॅरेजमध्ये काय विचारायचं?

आपल्यातल्या अनेकींचा अनुभव असा की गॅरेजमध्ये गेलं की फिटर आपल्याशी बोलतच नाही. सोबत आलेल्या दिराशी किंवा मुलाशी बोलतो. आपण फक्त पैसे मोजायचे. आमच्या प्रभागातल्या एका ताईला एका वर्षात दोनदा पट्टा बदलावा लागला. दोन्ही वेळा तिला एवढंच सांगितलं, "ताई, तुम्ही गाडी जास्त दामटता." तिसऱ्यांदा तिने दुसरीकडे दाखवली तेव्हा कळलं की सील गळत होतं आणि पट्ट्यावर तेल येत होतं. सील बदललं, गाडी ठीक झाली.

म्हणून हे प्रश्न पाठ करून ठेवा. पट्ट्याची रुंदी मोजली का, किती भरली आणि किती असायला हवी? रोलर गोल आहेत की चपटे झालेत? आत तेल दिसतं का, आणि दिसत असेल तर कुठून येतं? क्लचचे शू किती उरलेत? पेटीतली धूळ साफ केली का? मागच्या गिअरपेटीचं तेल कधी बदललं होतं? हे तेल इंजिन ऑईलपेक्षा वेगळ्या जागी असतं, थोडंसंच लागतं आणि म्हणूनच विसरलं जातं.

पट्टा बदलताना तो तुमच्याच गाडीच्या मॉडेलचा असावा. दिसायला सारखा असला तरी लांबी-रुंदीत थोडा फरक असला की गाडी नीट चालत नाही. पट्ट्यावर दिशेचा बाण असेल तर तो त्याच दिशेने बसवायचा. पुलीच्या बशांना ग्रीस लागता कामा नये. जुना पट्टा आणि जुने रोलर मागून घ्या आणि बघा. बिल घ्या आणि त्यावर किलोमीटरचा आकडा लिहून घ्या. असे प्रश्न विचारणं म्हणजे भांडण नव्हे. गटाच्या हिशोबात आपण पावती मागतो, तसंच हे.

गटात आपण काय करू शकतो?

आता हिशोब करू. समजा एक ताई रोज ३० किलोमीटर, महिन्यातले २५ दिवस गाडी चालवते. महिन्याचे झाले ७५० किलोमीटर. २४,००० किलोमीटर व्हायला लागतील ३२ महिने. तिने दर महिन्याला फक्त ५० रुपये गाडीच्या नावाने बाजूला ठेवले, तर तोवर १,६०० रुपये जमतात. आपल्याकडे बचतीची सवय आहेच, तिला फक्त एक रकाना जोडायचा. कर्ज देताना गाडीची किंमत आणि विमा आपण धरतो, तसाच देखभालीचा खर्चही धरायला हवा.

दुसरं, एक साधी वही करा. गाडी कधी घेतली, सर्व्हिसिंग किती किलोमीटरला झालं, पट्टा कधी बदलला. जुनी गाडी विकत घेणाऱ्या ताईने तर हे आधी विचारावं. पट्टा कधी बदलला ते विकणाऱ्याला सांगता आलं नाही, तर पेटी उघडून बघायला लावा आणि मगच किंमत ठरवा.

तिसरं, पाच-सहा जणींनी मिळून एकाच दिवशी गाड्या तपासायला नेल्या, तर फिटरही नीट वेळ देतो आणि एकीने विचारलेला प्रश्न सगळ्यांना कळतो. पावसाळ्याआधी एकदा आणि दिवाळीच्या आसपास एकदा, असा नेम ठेवता येईल.

मोटारगाडीचं काय?

काही घरांत मुलं-मुली बिनक्लचच्या मोटारी चालवतात, काही जणी जुनी गाडी घेऊन भाड्याने चालवायचा विचार करतात. त्यांच्यासाठी थोडक्यात सांगते. प्रत्येक ऑटोमॅटिक मोटारीत सीव्हीटी नसते, म्हणून आधी प्रकार विचारून घ्या. मोटारीच्या सीव्हीटीत साधारणपणे रबराऐवजी पोलादी पट्टा असतो आणि तो तेलात चालतो. ते तेल पट्ट्याला थंड ठेवतं, पकड देतं आणि त्याच्याच दाबाने पुल्या हलतात. तेल जुनं झालं, कमी झालं किंवा दुसऱ्याच प्रकारचं घातलं, तर पट्टा घसरतो, पुलीवर चरे पडतात आणि मग खर्च हजारांवर थांबत नाही. कंपनीने सांगितलेलंच तेल, सांगितलेल्या वेळी घाला. गाडी पूर्ण थांबल्याशिवाय पुढचा-मागचा गिअर बदलू नका. बंद पडली तर ओढणारी चाकं जमिनीवर ठेवून दोरीने ओढत नेऊ नका, उचलून न्या.

हा बिघाड नेहमी चालवणाऱ्याच्याच चुकीने होतो असंही नाही. अमेरिकेत निस्सान कंपनीने २००३ ते २०१० मधल्या आपल्या सीव्हीटी गाड्यांच्या गिअरपेटीची वॉरंटी वाढवून १० वर्षं किंवा १,२०,००० मैल केली होती. म्हणून गाडी वॉरंटीत असेल तर तक्रार लेखी द्या आणि पोच घ्या.

आणि इलेक्ट्रिक गाड्या? त्यांच्यात सहसा आकार बदलणाऱ्या या पुल्या नसतात. काहींची मोटर थेट चाकातच असते, काहींना साधा पट्टा किंवा साखळी असते. पट्टा असेल तर त्याचीही मुदत पुस्तिकेत बघायची.

तर मैत्रिणींनो, या आठवड्यात दोनच कामं करा. गाडीचा किलोमीटरचा आकडा वहीत लिहा, आणि डिकीत प्लॅस्टिकच्या पिशवीत पडलेली पुस्तिका काढून त्यात पट्टा किती किलोमीटरला बदलायचा ते शोधा. इंग्रजी असेल तर शाळेत जाणाऱ्या लेकीला वाचायला सांगा. येत्या बैठकीत प्रत्येकीने आपले दोन्ही आकडे सांगायचे. ज्यांचा पहिला आकडा दुसऱ्याच्या जवळ आला असेल, त्यांनी बाजाराच्या दिवशी गॅरेजला जायचं, आणि फिटरशी आपण स्वतः बोलायचं.

पुढच्या वेळी नव्या विषयासह भेटू. तोवर सावकाश चालवा, हेल्मेट घाला. नमस्कार.